मोडून ठेव

८ जानेवारी

आज इओकेपा अंकलनी गिटार माझ्या हातात दिली. वाजवायला नाही, मोडायला.

घाईत लिहिलं की मलाच नंतर कळत नाही, म्हणून नीट लिहिते. अंकल म्हणजे माझ्या आजोबांचे धाकटे भाऊ. आमच्या घराण्याची एक जुळणी आहे. गिटारच्या तारा सैल करून लावायच्या, पण कुठली किती सैल ते फक्त घरच्याला माहीत. पणजी हेलेनानं ती बसवली, तिच्याकडून अंकलकडे आली, आणि पुढे कुणाकडेच गेली नाही. वाईमेआ म्हणजे बेटावरचं आमचं गुराख्यांचं गाव, तिथल्या जुन्या घरांतून अशी एकेक जुळणी असायची. वाजवताना लोकांकडे पाठ करायची. गिटार खाली ठेवायच्या आधी तारा पुन्हा साध्या लावायच्या, म्हणजे शेजाऱ्याला, पाहुण्याला, जावयाला, कुणालाच पत्ता लागू नये. याला अंकल 'मोडून ठेवणं' म्हणतात.

आता त्यांच्या डाव्या हाताची करंगळी तळव्यात मिटलीय आणि शेजारचं बोट तिच्या मागून चाललंय. डॉक्टर म्हणाला, कापून सरळ करता येईल. अंकल म्हणाले, "आमच्याकडे कापाकापी गोऱ्ह्यांची होते." विषय संपला.

तर आज वाजवून झाल्यावर त्यांनी खुर्ची वळवली आणि गिटार माझ्या मांडीवर ठेवली. "पोरी, मोडून ठेव. वाफ्यात आण."

'अळूचा वाफा' ही सगळ्यांची जुळणी. शेंबड्या पोरालाही येते. मी दर गुरुवारी गावच्या हॉलमध्ये तीच शिकवते. म्हणजे अंकलच्या जुळणीतून चार तारा हलवून वाफ्यात आणायच्या. खुंटी फिरवायच्या आधी तार छेडली असती तर त्यांची जुळणी मला तिथल्या तिथे कळली असती. कॉलेजात चार वर्षं कानच तर तयार केलेत.

मी नाही छेडली. स्वयंपाकघरातून टॉवेल आणला, तारांवर घातला, नुसत्या हाताच्या अंदाजानं खुंट्या फिरवल्या आणि वाफ्यापाशी आल्यावरच टॉवेल काढून तपासलं.

अंकल टॉवेलकडे बघत होते. एवढा विश्वास टाकला, आणि तो मी राखला. आज झोप छान लागेल.

११ जानेवारी

टॉवेल का, ते कुठेतरी लिहून ठेवायला हवं.

माझे आजोबा चोर होते. म्हणजे आमच्याकडे हे वाक्य असंच म्हणतात, लग्नातसुद्धा, हसत हसत. पणजी ओसरीवर वाजवायची तेव्हा ते घराखाली, खांबांच्या मधे, कोंबड्यांत पालथे पडून ऐकायचे. मग एका लग्नात त्यांनी सगळ्यांदेखत घराण्याची जुळणी वाजवली. पणजी जेवण अर्धं टाकून उठली. त्यानंतर दोघे भाऊ एकमेकांशी बोलले ते फक्त गुरांबद्दल.

आजोबांनी मला वाजवायला शिकवलं. लग्नात वाजवलेली त्यांची ती जुळणीही शिकवली आणि हॉलमध्ये मी ती मोठ्या मुलांना शिकवतेही. अंकलच्या ओसरीवर वाजते तशी ती वाजत नाही, चोरल्यावर त्यांनी बदलली असावी. पण वाजवताना मान खाली जाते. त्यामुळे अंकलच्या ओसरीवर मी कान बंद करून बसते. चोराची नात, पण चोर नाही.

होनोलुलूहून कॉलेजातल्या सरांचा फोन. जुन्या जुळण्यांच्या संग्रहासाठी ही जुळणी हवीच आहे त्यांना. "विचार ना त्यांना सरळ," म्हणाले. सर, आमच्यात विचारणं म्हणजे भोचकपणा. विचारलं की दार बंद. बघावं, ऐकावं, तोंड मिटावं, हात चालू ठेवावेत. एवढंच शिकवतात आम्हाला.

१९ जानेवारी

शनिवार गेला कुंपणात. अंकलच्या घराला लागून वरच्या अंगाला एक मोकळं रान आहे, त्याच्या कोपऱ्यातली तार सैल झाली म्हणाले. ताण द्यायचं यंत्र मी फिरवलं. अंकल खांबाला कान लावून उभे.

"अजून थोडं. अजून. हां, मागे ये. मागे ये म्हटलं ना, गाढवा."

"अंकल, गाय काय इतकं मोजून बाहेर पडते?"

"गाय?" असं म्हणून माझ्याकडे बघितलं जसं काही मीच गाय आहे.

गंमत म्हणजे त्या रानात गुरंच नाहीत. अंकलनी सगळी विकली त्याला वर्षं झाली. बाकीचं कुंपण पार पडलंय, डुकरं खुशाल येतात. हा एक कोपरा तेवढा नवाकोरा. डोंगरावरून वारा खाली आला आणि ती तार घुमायला लागली, तेव्हा अंकलनी टोपी काढली. चर्चमध्ये काढतात तशी.

म्हणाले, "ऐकलंस?"

म्हटलं, "हो, आता घट्ट बसली."

त्यांनी टोपी घातली आणि घराकडे निघाले. पाय दमले असतील.

२ फेब्रुवारी

आज ते वाजलं.

रोज वाजतं, पण आज. मला शब्द सापडेपर्यंत पान असंच ठेवणार होते, पण सापडणार नाहीत हे दिसतंय, तर जे आहे ते.

नाकासोने आले होते. निवृत्त पोस्टमन, अंकलचे मित्र, माझ्या जन्माच्या आधीपासून या ओसरीवर येतात. येताना कागदात तळलेली अंदागी आणतात, तेलकट, गोड. माझ्या गुरुवारच्या वर्गातही ते सगळ्यांत म्हातारे विद्यार्थी आहेत आणि सगळ्यांत वाईट.

"रॉय," अंकल म्हणाले, "या वेळी दगड तळून आणलेस का?"

"तुला दात कुठेयत कळायला."

मग अंकल आत गेले, दार लावलं, आणि बराच वेळ जुळवत बसले. डाव्या हाताला आता खुंटी धरवत नाही, म्हणून उजव्या हातात पक्कड घेऊन फिरवतात. बाहेर आले, पाठ करून बसले. नाकासोनेंनी आपली खुर्ची उचलून रस्त्याकडे वळवली. ते नेहमीच वळवतात. रस्त्यावर काही नसतं. पण दुसऱ्याच्या घराची जुळणी, बोटांकडे बघायचं नाही.

आणि मग अंगठा. जाड तारेवर घोडं चालतंय, दमलेलं, घराकडे निघालेलं. त्याच्या वर मधल्या दोन तारा सुरात इतक्या जवळजवळ लावलेल्या की एकमेकींना घासतात, आणि त्या घासण्यातून एक सूर निघतो जो कुठल्याच तारेवर नाही. मी शोधला, पण सापडला नाही. तो गिटारमधून येत नव्हता, ओसरीच्या फळ्यांतून येत होता, माझ्या दातांत होता. मी कान बंद ठेवणार होते ना? कसले बंद. मला काही कळत नव्हतं, कुठली तार, कुठला सूर, कॉलेजची चार वर्षं पाण्यात. फक्त एवढं कळत होतं की ही माणसं माझ्या आधी इथे होती आणि त्यांनी धुक्याला उत्तर द्यायची एक रीत शोधून काढली होती.

अंकल थांबले तेव्हा नाकासोनेंचे कान लाल झाले होते. रस्त्याकडे बघतच म्हणाले, "आज गाडी एकही गेली नाही."

"तू मोजत होतास?"

"माझं काम काय इथे दुसरं."

मग मांडीवर गिटार. "मोडून ठेव."

मी टॉवेल घातला. इतकं सुंदर काही माझ्या हातून रोज मोडतं. आणि मला एक कळत नाही. जुळवायला अंकलना पक्कड चालते, मग मोडायलाच मी कशाला लागते? म्हातारपणी माणूस हट्टी होतो हेच खरं.

३ फेब्रुवारी

तो सूर अजून दातांत आहे.

१६ फेब्रुवारी

टॉवेलवरून ओरडा खाल्ला. अंकलनी तो ओढून घेतला आणि स्वयंपाकघरात फेकला. "हा भांडी पुसायला आहे." बरोबर आहे, तारांचा गंज लागतो त्याला. पुढच्या वेळी घरून माझा आणेन.

आज ते खुशीत होते की चिडलेले, कळलं नाही, पण बोलले. त्यांच्या आईचं. वासरानं लाथ मारून पणजीचं मनगट मोडलं होतं आणि ते कधी धड बसलंच नाही.

"मग गिटार मी मोडायचो तिची," अंकल म्हणाले. "एवढासा होतो. पाय जमिनीला टेकायचे नाहीत. बाकी मला तिनं कधी काही शिकवलं नाही."

मग जुळणी शिकलात कधी, हे माझ्या अगदी ओठावर आलं होतं. पण भोचकपणा नको. ते माझ्याकडे बघत राहिले. मी अळूच्या कंदांची पोई वाढली. पोई आंबट झालीय म्हणाले. नव्हती झाली.

२ मार्च

माझा स्वतःचा टॉवेल. निळा, मऊ. अंकलनी तो बघितला, मग नाकासोनेंकडे बघितलं. नाकासोने म्हणाले, "माझ्याकडे नको बघूस, मी तर रस्ता बघतोय."

दोघे खूप हसले. मीही हसले. कशाला ते माहीत नाही.

हात मात्र सराईत झालेत. खुंटीवर बोट टेकलं की पुरे, टॉवेल काढावा तर वाफा तयार. बारीक तार नखभर. मधल्या दोन, एक थोडी, एक बरीच. जाड तार उलटीकडे, दमादमानं, कारण तिची खुंटी झिजलीय आणि उड्या मारते. वर्गात सांगितलं तर मुलांना खरं वाटणार नाही की तार न ऐकता लावता येते.

२३ मार्च

संपलं.

दार लावून पक्कड घेऊन ते आत खूप वेळ होते. बाहेर आले, पाठ केली. घोडं चार पावलं चाललं आणि मधलं बोट तारेवर नुसतं पडलं, मेलेल्या माशासारखं. पुन्हा केलं. पुन्हा तसंच. नाकासोने रस्त्याकडे तोंड करून बसले होते आणि त्यांचे खांदे वर आले होते, थंडीत येतात तसे.

अंकलनी खुर्ची वळवली. गिटार माझ्या मांडीवर ठेवली, पण हात काढला नाही.

"आज शेवटचं," म्हणाले. "बघ आता तू."

मी बघितलं. त्यांचे डोळे पाण्यानं भरले होते आणि मला वाटलं, आत्ता या क्षणी मी तार छेडली तर मी आजोबांपेक्षा वाईट. ते निदान घराखाली लपले होते. मी तर मरणाऱ्याच्या उशाखालून काढल्यासारखं. मी निळा टॉवेल घातला. चारही खुंट्या फिरवल्या. वाफ्यात आणली आणि त्यांच्या हातात दिली.

अंकल उठले. गिटार भिंतीवर अडकवली आणि आत निघून गेले. पोईसुद्धा खाल्ली नाही.

नाकासोनेंनी अंदागीचा कागद घडी करत करत एवढासा केला. "अशी चांगली पोरगी," म्हणाले, "देवानं कुणाला देऊ नये."

मी रडत घरी आले. एक संपूर्ण जुळणी माझ्या हातांनी शेवटची मोडली. सरांना कळवलं की मिळणार नाही. निदान मी चोरली नाही. हे वाक्य मी लिहिलंय, वाचलंय, आणि ते मला आता बरं वाटत नाहीये, का ते माहीत नाही.

२९ मार्च

आठवडाभर गेले नाही. कुठल्या तोंडानं जाऊ.

३ एप्रिल

वाईनानी आंटी, अंकलची मुलगी. शाळेची बस चालवते. हॉलसमोर आज बस थांबवली, पोरं आत किंचाळतायत, हिनं खिडकीतून मला हाक मारली.

"काय गं महाराणी, माझ्या बापाची जुळणी तुला पसंत पडली नाही वाटतं?"

"मला? मी कोण पसंत करणारी?"

"तेच तर तो म्हणतोय. जेवत नाही धड. म्हणतो, पोरीला नकोच होती. रोज हातात दिली, रोज तिनं फडकं घालून परत केली."

मी रस्त्यात उभी. मागून एक ट्रक हॉर्न वाजवतोय.

"मला वाटलं मोडायला देतायत."

"मोडायलाच दिली. दुसरं कसं देतात?" आंटीनं बसचं इंजिनच बंद केलं. "आजीनं त्याला तशीच दिली. मलाही दिली होती, दहा वर्षांची असताना. मी खुंटी अशी फिरवली की तार तुटून माझ्या कपाळाला लागली, बघ, अजून व्रण आहे. मग नाही दिली. मला उकुलेलेसुद्धा येत नाही, आणि मी सुखात आहे."

"मग एकदा बोलायचं ना तोंडानं."

"तू एकदा विचारायचं ना तोंडानं." आंटीनं बस सुरू केली. "दोन गाढवं. एक म्हातारं, एक शिकलेलं."

बस गेली. मी बराच वेळ तिथेच. म्हणजे पक्कड. म्हणजे 'ऐकलंस?' म्हणजे टॉवेल स्वयंपाकघरात. मी सगळं या वहीत लिहून ठेवलंय, माझ्याच अक्षरात, आणि मला दिसलं नाही.

४ एप्रिल

सकाळी गेले. पाऊस नव्हता, धुकं होतं, वारा पडलेला. अंकल आत होते, चुलीपाशी भांड्यांचा आवाज येत होता. बाहेर आले नाहीत. भिंतीवरून गिटार काढली आणि ओसरीवर बसले.

वाफ्यात होती. मी ठेवली होती तशीच.

टॉवेल आणला नव्हता. डोळे मिटले आणि बोट बारीक तारेच्या खुंटीवर टेकवलं. मनाला काही आठवत नव्हतं. पण हाताला विचारलं तर हात म्हणाला, मी रोज नखभर इकडे यायचो, आता नखभर तिकडे जातो. गेला. मग मधली एक, थोडी. मग दुसरी, बरीच. छेडलं, आणि त्या दोघी एकमेकींना घासल्या. माझ्या मांडीवर, माझ्या बोटांखाली. मी दचकून गिटार धरली, पडेल म्हणून.

इतके दिवस मी जे ऐकायचं नाही म्हणून झाकत होते, ते सगळं मनगटात जाऊन बसलं होतं.

उरली जाड तार. तिची खुंटी झिजलेली, उड्या मारणारी. हात अंदाजानं थांबला. सगळ्या तारा मिळून वाजवल्या आणि जे वाजलं ते मला लहानपणापासून माहीत होतं. आजोबांची जुळणी. हॉलमध्ये मी शिकवते ती. छान आहे, पण ती नाही. तो कुठल्याच तारेवर नसलेला सूर त्यात नाही. म्हणजे आजोबांनी घराखाली पडून पाच तारा बरोबर चोरल्या होत्या आणि सहावी चुकली होती. सगळं गाव ज्याला चोर म्हणालं, त्याला ती मिळालीच नव्हती.

मी जाड तार थोडी उतरवली. थोडी चढवली. नाही. हात गप्प. आत भांड्यांचा आवाजही थांबला होता.

आणि डोंगरावरून वारा आला.

आधी धुकं हललं, मग वरच्या रानातली ती कोपऱ्यातली तार घुमायला लागली. मी शंभर वेळा ऐकलेला आवाज. जिथे गुरं नाहीत त्या रानातला, टोपी काढून ऐकायचा. मी खुंटी खाली खाली नेत गेले. आधी गिटारची तार आणि कुंपणाची तार भांडत होत्या, हवेत वाँव वाँव वाँव, मग भांडण सावकाश झालं, मग आणखी सावकाश, एकेक श्वासाएवढं, आणि थांबलं.

मी बाकीच्या तारांना हातही लावला नव्हता. त्या आपोआप वाजायला लागल्या. लाकूड छातीला लागून थरथरत होतं. डोंगर, कुंपण, फळ्या, दात. पणजी हेलेनानं ही जुळणी बसवली नव्हती, तिनं ती ऐकली होती. इथे, या ओसरीवर, वारा यायची वाट बघत. मी काही वाजवलं नाही. वाजवायला काही उरलंच नव्हतं. मी नुसती धरून बसले.

वारा पडला तेव्हा अंकल दारात होते, हातात माझा निळा टॉवेल, त्या दिवशी इथेच राहिलेला. त्यानं ते भांडं पुसत होते.

"तुझा आजा इथेच चुकला," म्हणाले. "घराखाली वारा कुठून ऐकू येणार? कोंबड्याच ऐकू यायच्या."

"पणजी जेवणावरून उठली ती चोरीमुळे ना?"

"चोरीमुळे? छे. हसू आवरेना तिला. सगळ्यांसमोर मोठ्या मुलाला काय हसायचं, म्हणून बाहेर गेली." भांडं उलटून बघितलं. "मग त्याला कुणी सांगेना आणि तो विचारेना."

ते शेजारी बसले. मी घोड्याची चाल धरली. अडखळत. त्यांनी वाकडी बोटं गुडघ्यावर ठेवली होती आणि ती जरा हलत होती. एकदा फक्त म्हणाले, "घोडं दमलंय, पळव नको." मी सावकाश केलं.

झाल्यावर म्हणाले, "मोडून ठेव."

या वेळी मी ऐकलं. जाड तार वर चढताना कुंपणापासून दूर गेली, मग त्या दोघी एकमेकींपासून सुटल्या, मग बारीक तार नखभर सरकली, आणि ऊन टेकडीवरून उतरावं तसा एकेक सूर जागा सोडत गेला, आणि शेवटी समोर नेहमीचा साधा अळूचा वाफा. आभाळाएवढं काही एवढ्याशा भांड्यात ठेवून झाकण लावलं. इतके दिवस मी यावर टॉवेल घालत होते.

आभार मानायला तोंड उघडलं, तर अंकल उठून गेले. बरं झालं.

१८ एप्रिल

आजोबांची जुळणी आज वर्गात मान वर करून शिकवली. मुलांना म्हटलं, ही घराखालची. हिच्यात कोंबड्या आहेत. नीट वाजवा.

२५ एप्रिल

अंकलच्या ओसरीवर मी, ते आणि नाकासोने. अंदागी आज खरोखर दगड होती. मी आत जाऊन जुळवून आले. दार लावलं नाही. कुणाला कळलं का माहीत नाही.

मी बसले तर नाकासोनेंनी सवयीनं खुर्ची उचलली आणि रस्त्याकडे वळवली. मी लहान असल्यापासून बघतेय ही पाठ. त्या पाठीनं कधी काही चोरलं नाही, मागितलं नाही, फक्त दर वेळी कान लाल केले.

मी मात्र पाठ केली नाही. म्हटलं, "रॉय अंकल, आज संपल्यावर गिटार तुम्ही मोडा. माझं मनगट दुखतंय."

ते हलले नाहीत. मग मान थोडी वळवून इओकेपा अंकलकडे बघितलं. अंकल वरच्या रानाकडे बघत बसले होते, जिथे एकही गाय नाही.

"तुझं मनगट," नाकासोने रस्त्याला म्हणाले, "कालपर्यंत तर बरं होतं."

"कालपर्यंत होतं."

एक गाडी गेली. आणखी एक. त्यांनी मोजल्या की नाही माहीत नाही. वर तार घुमायला लागली. मी अंगठा जाड तारेवर ठेवला आणि थांबून राहिले, आणि मग ओसरीच्या फळीवर नाकासोनेंच्या खुर्चीचा एक पाय घासल्याचा आवाज आला, मग दुसरा.